उसना गळा

दारावर थाप पडते, आतून 'कोण?' असे विचारले जाते, आणि बाहेरून नुसते 'मी' एवढे उत्तर आले तरी कडी निघते, कारण तेथे नावाचे काम आवाज करतो. आवाज ही माणसाची खूण आहे व ती दुसऱ्याला देता येत नाही, हा समज अशाच रोजच्या व्यवहारावर उभा आहे. अमेरिकी दिग्दर्शक होलिस फ्रॅम्प्टन याचा १९७१ मधील 'नॉस्टॅल्जिया' हा सुमारे ३६ मिनिटांचा प्रयोगपट, म्हणजे कथा सांगण्याऐवजी चित्र आणि ध्वनी यांचे नाते तपासून पाहणारा चित्रपट, नेमका याच समजाला हात घालतो.

विजेच्या शेगडीवर एकेक कृष्णधवल छायाचित्र ठेवलेले दिसते, तारेच्या वेटोळ्याचा आकार आधी कागदावर उमटतो, मग कागद आक्रसत काळा पडतो. त्याच वेळी निवेदक एका छायाचित्राची हकिकत सांगत असतो, पण ती समोर जळणाऱ्या चित्राची नसून त्याच्या पुढच्या चित्राची असते. या रचनेत स्मृतीची चर्चा करायला भरपूर जागा आहे, परंतु आवाजाचा प्रकार अधिक चमत्कारिक आहे. आठवणी फ्रॅम्प्टनच्या, शब्द त्याचे, 'मी'ही त्याचाच. गळा मात्र कॅनडाचा कलावंत मायकेल स्नो याचा. स्नोसाठी काढलेल्या छायाचित्राची पाळी येते तेव्हा त्यावरून केलेले भित्तिपत्रक त्याला मुळीच रुचले नाही अशी खंत निवेदक बोलून दाखवतो, त्याची क्षमा मागावीशी वाटते असेही म्हणतो, आणि अशा रीतीने ज्याची क्षमा मागायची त्याच्याच तोंडून ती निघते.

याचे हसू येते, यावेच. तरी स्नोचा आवाज पूर्वी न ऐकलेल्या प्रेक्षकाला त्यात काहीच खटकत नाही, आणि खरी मेख तेथे आहे. 'मी' हे सर्वनाम कोणा एकाचे नाव नसून उच्चारणाऱ्याचे होते, तर आवाजाची ओळख ऐकणाऱ्याच्या पूर्वपरिचयावर अवलंबून असते. स्वतःचा ध्वनिमुद्रित आवाज प्रथम ऐकणाऱ्यालाही तो परका वाटतो, कारण बोलताना तो त्याला कवटीच्या हाडांतूनही ऐकू येत असतो. गळा एखाद्या स्त्रीचा असता, तर मराठीत ही उसनवारी अधिक अवघड ठरली असती, कारण 'मी गेलो' आणि 'मी गेले' यांतले क्रियापदच बोलणाऱ्याचे लिंग सांगून टाकते.

चित्रपटातील शेवटची हकिकत ज्या छायाचित्राची आहे, ते पडद्यावर येतच नाही.