कच्चे मडके

पंथ म्हटला की त्याच्या आरंभी एखादी भारदस्त सभा असावी, असे आपल्याला उगीचच वाटते. जाणते पुरुष वर्तुळ करून बसले, त्यांनी नियम ठरवले, शिक्के उमटवले आणि कार्याला आरंभ झाला! वारकरी पंथाच्या उगमापाशी असली सभा नाही. तिथे आहे ती संतांची एक साधी बैठक. आणि त्या बैठकीतली सर्वांत लोकप्रिय गोष्ट अशी की, एका कुंभाराने जमलेल्या सर्वांच्या डोक्यांवर थापटणे मारून पाहिले.

कथा बहुतेकांनी आजीच्या तोंडून ऐकली असेल. निवृत्तिनाथ, ज्ञानदेव, सोपान, नामदेव अशी मंडळी जमली होती. वयाने सर्वांत लहान मुक्ताबाई. तिने तेरच्या गोरोबाकाकांना विचारले, हे लाकूड कशाचे? काका म्हणाले, हे थापटणे. मडके कच्चे की पक्के, ते याने कळते. आम्हीही मडकीच की, मग आम्हालाही पाहा, असे ती म्हणाली. गोरोबांनी एकेकाला थापटून पाहिले. सारे शांत राहिले. नामदेव तेवढे संतापले. निकाल लागला : हे मडके कच्चे! प्रत्यक्ष पांडुरंगाशी बोलणारा म्हणून ज्याचा लौकिक, त्याच्याविषयी हा निकाल.

आमच्या जिल्ह्याचे नाव आता अहिल्यानगर झाले आहे. या कथेवर दोन शब्द बोलण्याचा थोडा अधिकार या मातीला आहे, असे मी मानतो. याच मातीत, प्रवराकाठच्या नेवाशाला, शके १२१२ म्हणजे १२९० साली ज्ञानेश्वरी सांगितली गेली आणि सच्चिदानंदबाबांनी ती उतरवून घेतली. पुढे पावणेपाचशे वर्षांनी, १७६२ साली, राहुरी तालुक्यातल्या ताहराबादच्या महिपतींनी ‘भक्तविजय’ रचून संतांची चरित्रे घरोघर पोहोचवली. थापटण्याची गोष्ट इतिहास म्हणून कितपत खरी, या वादात मी शिरत नाही. पिढ्यान्‌पिढ्या माणसे जी गोष्ट टाकून देत नाहीत, तिच्यात त्यांची नीती साठलेली असते.

मला छळणारा प्रश्न निराळा आहे. दुसऱ्याच्या अंतःकरणाला ‘कच्चे’ म्हणण्याचा अधिकार कोणाला असतो?

परंपरा असेही सांगते की, हीच भावंडे नेवाशाला येण्यापूर्वी पैठणच्या ब्रह्मसभेपुढे उभी होती. संन्याशाची मुले म्हणून त्यांना शुद्धिपत्र हवे होते. परीक्षा तिथेही झाली. मग पैठणची सभा आणि गोरोबांची बैठक यांत फरक तो काय? मला तीन फरक दिसतात. पैठणला विचारले गेले ते बापाच्या कृत्याविषयी. ते मुलांना काही केल्या बदलता येणार नव्हते. गोरोबांनी पाहिले ते ज्याचे त्याचे मन. आणि कच्चे मडके म्हणजे पापी मडके नव्हे, ते अजून आव्यात भाजायचे राहिले आहे एवढेच. दुसरे असे की, पैठणचे परीक्षक उंच आसनावर होते. इथे जिने परीक्षा सुचवली तिने स्वतःचेही डोके पुढे केले. आणि तिसरे, परीक्षकाची जात कोणी विचारली नाही. मडक्याची पारख कुंभाराला, इतके पुरे झाले.

तरीही मन पुरते निवत नाही. थापटणे लागते, हेही खरेच आहे. आणि प्रत्येक राग हा कच्चेपणाच असतो काय? याच संतमेळ्यातल्या चोखोबांना देवळाबाहेर ठेवणाऱ्या जगावर ते संतापले असते, तर त्यांना कच्चे म्हणण्याची छाती कोणाला झाली असती? बैठकीने चोखोबांना आपल्यात घेतले, पण पंढरीचा दरवाजा काही उघडला नाही. त्यासाठी १९४७ च्या मे महिन्यात साने गुरुजींना प्राण पणाला लावून उपवास करावा लागला. म्हणजे व्यक्तींची डोकी थापटून पाहणाऱ्यांच्या वारसांनी रूढीच्या मडक्यावर ते थापटणे सहा शतके मारलेच नाही! मार खाणाऱ्याला शांतीचा उपदेश करणे फार सोपे असते.

आता त्या कच्च्या मडक्याचे पुढे काय झाले ते पाहा. नामदेव रागावले, पण बैठकीशी नाते तोडून बसले नाहीत. बैठकीनेही त्यांना हाकलले नाही. ते विसोबा खेचरांकडे गेले, शिकले. उत्तरेत पंजाबपर्यंत त्यांचे नाव पोहोचले. शिखांच्या गुरू ग्रंथसाहिबात त्यांची ६१ पदे आहेत. मंगळवेढ्याला भिंत कोसळून चोखोबा गेले, तेव्हा त्यांच्या अस्थी आणून महाद्वारासमोर समाधी बांधली ती नामदेवांनीच, असे परंपरा मानते. पक्क्या ठरलेल्यांच्या वाट्याला हे काम आले नाही. ते कच्च्या ठरलेल्याने केले.

दिवाळीत घरे माणसांनी भरतात. फराळाच्या ताटांभोवती अशीच एक बैठक जमते आणि थापटणी बाहेर निघतात. कोणाचे गुण, कोणाची नोकरी, कोणाचे रखडलेले लग्न! तपासूच नये, असे मी म्हणत नाही. कधीच न थापटलेले मडके पहिल्या पाण्यालाच विरघळते. मात्र एखाद्या पोराला कच्चे म्हणायचेच असेल, तर मुक्ताबाईसारखे आधी आपले डोके पुढे करावे, त्याला आव्याची वाट दाखवावी. आणि तो रागावून उठलाच, तर त्याचे ताट वाढलेलेच ठेवावे.