अदत्तादान आणि जुने चित्रपट

छत्रपती संभाजीनगरजवळच्या वेरूळची 30 ते 34 क्रमांकांची लेणी ज्या दिगंबर जैन परंपरेची आहेत, त्या परंपरेने मानलेली चोरीची व्याख्या आज याच शहरात मोबाइलवर अनधिकृत प्रतीतून जुना चित्रपट पाहणाऱ्याच्या कृतीलाही लावून पाहण्याजोगी आहे. उमास्वातींच्या तत्त्वार्थसूत्रानुसार चोरी म्हणजे अदत्तादान, अर्थात न दिलेले घेणे, आणि ते प्रमत्तयोगातून, म्हणजे आसक्तीने बेसावध झालेल्या मनाच्या प्रवृत्तीतून घडते. स्मरणरंजन हीदेखील आसक्तीच असल्याने लहानपणी पाहिलेला चित्रपट पुन्हा पाहण्याची ओढ कितीही निर्मळ वाटली तरी ती या कृतीचे समर्थन ठरत नाही, उलट व्याख्येतली एक अट ती पुरी करते. शिवाय अचौर्यव्रताच्या अतिचारांत, म्हणजे व्रताला उणेपणा आणणाऱ्या दोषांत, तदाहृतादान, अर्थात चोराने आणलेली वस्तू घेणे, हेही गणलेले असल्यामुळे प्रत दुसऱ्याने चढवली, आपण नुसती पाहिली, ही सबब टिकत नाही.

मात्र तत्त्वार्थसूत्रावरील सर्वार्थसिद्धी या टीकेत पूज्यपाद असे स्पष्ट करतात की, जिथे देणेघेणे संभवते तिथेच चोरीचा व्यवहार मानावा. जुन्या चित्रपटांचा खरा पेच इथेच आहे. 1957च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे चित्रपटावरील हक्क प्रदर्शनानंतरच्या वर्षारंभापासून 60 वर्षे टिकतो. म्हणून ‘पिंजरा’ (1972) 2032 अखेरपर्यंत हक्कधारकाच्या अनुमतीवाचून घेणे हे निःसंशय अदत्तादान होय, तर ‘श्यामची आई’ (1953) 2013 अखेर हक्कमुक्त झाला आणि तिथे अनुमती मागावी असा कोणी उरला नाही. या दोहोंमध्ये ज्यांची निर्मितीसंस्था बंद पडली आणि वारस सापडत नाहीत असे चित्रपट येतात; त्यांच्यावर कायद्याने हक्क शिल्लक असला तरी देणारा दिसत नाही, आणि तिथे प्रेक्षकाला सरसकट चोर म्हणणे पूज्यपादांच्या कसोटीला धरून होत नाही.

हक्क संपल्याने प्रत हाती येतेच असेही नाही, कारण फिल्मची रिळे कोणाच्या तरी ताब्यात असतात आणि ती नाशवंत असतात. जानेवारी 2003मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत नायट्रेट फिल्मवरील जुन्या चित्रपटांचा मोठा ठेवा जळाला. पोथ्यांच्या नकला करवून त्या देणे, म्हणजे शास्त्रदान, याला चार दानांत स्थान देणाऱ्या परंपरेच्या दृष्टीने पाहिल्यास हक्कमुक्त चित्रपट कुलुपात ठेवणाऱ्या धारकाची जबाबदारी प्रेक्षकाच्या दोषाहून मोठी ठरते, आणि 1964मध्ये पुण्यात स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने असे चित्रपट मराठवाड्यातल्या प्रेक्षकालाही घरबसल्या खुले करून देणे हे त्या जबाबदारीतच येते.