एकूण किती द्यायचे?

दरवर्षी स्मरणिकेसाठी लेख मागायला फोन येतो आणि दरवर्षी मी 'पुढच्या वर्षी नक्की' म्हणून सुटका करून घेतो. यंदा मात्र लिहायचे ठरवले, कारण एक प्रश्न वीस वर्षांहून अधिक काळ माझ्या मनात ठाण मांडून बसला आहे. गणपतीच्या स्मरणिकेत घरकर्जाचे काय काम, असे कुणाला वाटेल. पण आपल्यापैकी बहुतेकांच्या घरात देव्हारा ज्या भिंतीला टेकून आहे ती भिंत बँकेकडे गहाण असते. तेव्हा बाप्पाला हा विषय अगदीच परका नसावा.

आम्ही २००३ च्या जूनमध्ये न्यू जर्सीत घर घेतले. त्याच वर्षी नवरात्राच्या सुमारास अण्णा आणि आई, म्हणजे माझे वडील आणि आई, प्रथमच अमेरिकेत आले. अण्णा सांगली जिल्ह्यातल्या एका गावात हेडमास्तर होते. मी त्यांना मोठ्या हौसेने घर दाखवले. वरच्या खोल्या, गॅरेज, मागचे डेक, सगळे पाहून झाल्यावर त्यांनी चहा घेता घेता विचारले,

"केवढ्याला पडलं?"

"तीन लाख डॉलर, अण्णा. साठ हजार आम्ही भरले, दोन लाख चाळीस हजार कर्ज."

"हप्ता?"

"महिन्याला चौदाशे एकोणचाळीस. सहा टक्के व्याज, तीस वर्षं. परवडतं आरामात, दोघं कमावतो ना."

"ते ठीक. पण एकूण किती द्यायचे?"

मला उत्तर देता आले नाही. दररोज ऑफिसात कोट्यवधींचे आकडे हाताळणारा मी, माझ्या आयुष्यातल्या सर्वांत मोठ्या खरेदीची एकूण किंमत मला ठाऊक नव्हती! अशीही गोष्ट नाही की कुणी ती लपवली होती. १९६८ च्या कायद्यानुसार ती कर्जदाराला लेखी द्यावीच लागते. क्लोजिंगच्या दिवशी लॉयरने पुढे सरकवलेल्या कागदांच्या चळतीत ती होती, आणि तिच्याखाली माझी सहीसुद्धा होती.

रात्री कागद काढून बसलो. आकडा होता ५,१८,००० डॉलर. म्हणजे कर्ज २,४०,००० चे आणि त्यावर व्याज २,७८,०००. पहिल्या हप्त्यातले १,२०० डॉलर व्याजाचे, मुद्दल फिटले ते जेमतेम २३९ डॉलर. पुढे गणित मांडत गेलो. दहा वर्षांत एक लाख बहात्तर हजार भरूनही कर्ज कमी होणार होते फक्त एकोणचाळीस हजारांनी. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दल जास्त, असा दिवस उजाडायला एकोणिसावे वर्ष लागणार होते आणि निम्मे कर्ज फिटायला एकविसावे. यात लबाडी कुठेच नाही. व्याज शिल्लक रकमेवर लागते आणि सुरुवातीला शिल्लकच सगळ्यात मोठी असते, इतके साधे आहे. पण साधे आहे म्हणून ते आपण पाहिलेले असते असे नाही.

सकाळी अण्णांना आकडा सांगितला. ते म्हणाले, "अरे, हे तर दामदुप्पटच्याही वर गेलं!"

तरुण वाचकांसाठी सांगतो. आपल्या जुन्या हिंदू कायद्यात एक नियम होता, आणि मुंबई इलाख्यातली न्यायालयेही तो मानत असत. सावकाराला एका वेळी जे व्याज वसूल करायचे ते मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये. हाच दामदुप्पटीचा नियम. मी अण्णांशी वाद घातला की हा नियम साचलेल्या व्याजाला लागतो, दरमहा फेडत गेलेल्या व्याजाला नाही. शिवाय २०३३ सालचा डॉलर २००३ इतका जड नसणार. पगार वाढतील, हप्ता तोच राहील. भाडे भरले असते तर तेही गेलेच असते, आणि वर दरवर्षी वाढले असते. हे सगळे मुद्दे तेव्हाही खरे होते, आजही खरे आहेत. 'पाच लाख भरले म्हणजे बुडालो' असे म्हणणारा माणूस अर्धेच गणित मांडतो. अण्णांनी शांतपणे ऐकून घेतले आणि म्हणाले, "असेल. मी फक्त विचारलं, तुला माहीत होतं का?"

माहीत झाल्यावर मी शहाणा झालो असेन असे तुम्हाला वाटेल. तसे काही झाले नाही. २००५ मध्ये व्याजदर थोडा उतरला होता, घरांच्या किमती चढत होत्या. सगळ्यांप्रमाणे आम्हीही रिफायनान्स केले आणि बेसमेंट करून घ्यायला वर चाळीस हजार उचलले. नवे कर्ज २,७४,००० चे, पावणेसहा टक्क्यांनी, पुन्हा पहिल्यापासून तीस वर्षे. हप्ता वाढला फक्त एकशे साठ डॉलरने. 'एवढ्यात बेसमेंट!' म्हणून आम्ही खूश. त्या चाळीस हजारांचे तीस वर्षांत चौऱ्याऐंशी हजार होतात आणि शेवटचा हप्ता २०३३ वरून २०३५ वर गेला, हे कुणी बोलले नाही. मीही नाही.

वर प्रॉपर्टी टॅक्स होताच. न्यू जर्सीचा तो देशातल्या सर्वांत चढ्या टॅक्सांपैकी एक. आमचा वर्षाला सहा हजारांच्या पुढे होता, आणि कर्ज फिटले तरी तो थांबत नाही. विमा, छप्पर, फर्नेस, वॉटर हीटर यांचे तर विचारूच नका.

पण मला जी किंमत सांगायची आहे ती यातल्या कुठल्याच कागदावर नव्हती.

२००८ च्या शेवटी अण्णांना मोठे दुखणे आले. त्या वर्षीच्या सप्टेंबरात लेहमन ब्रदर्स कोसळली होती, आमच्या कंपनीत दर महिन्याला कुणी ना कुणी खोकी भरून घरी जात होते, घरांच्या किमती घसरत होत्या. अमेरिकेत १९९३ पासून असा कायदा आहे की आई-वडिलांच्या गंभीर आजारपणात माझ्यासारख्या नोकरदाराला बारा आठवडे बिनपगारी रजा घेता येते. कायद्याने मला रजा होती. पण तीन महिने बिनपगारी म्हणजे तीन हप्ते एकटीच्या पगारावर, शिवाय परत आल्यावर खुर्ची जागेवर असेल की नाही ही धास्ती. मी दहा दिवस जाऊन आलो. विमानतळावर निघताना अण्णांनी "परत कधी येतोस?" असे विचारले नाही. "मुलांना सांभाळ" एवढेच म्हणाले. मार्चमध्ये ते गेले. मी पोहोचलो तेव्हा सगळे आटोपले होते.

पुष्कळ वर्षे मी याचा दोष कर्जाला दिला. कर्जाला दोष देण्याची एक सोय असते, कर्ज उलट बोलत नाही. पण खरे सांगायचे तर कर्जाने माझे हात धरले नव्हते. हात मीच बांधून घेतले होते. २००३ मध्ये आणि पुन्हा २००५ मध्ये मी सही केली तेव्हा मी कुणाचे काय गहाण टाकले? घर तर होतेच. पण त्याबरोबर २००८ सालच्या माझ्या मोकळिकीवरही मी सही केली होती. त्या पुढच्या 'मी'ला विचारण्याची सोय नव्हती, म्हणून त्याच्या वतीने मी खुशाल होकार देऊन टाकला. पत्नीची लहानपणापासूनची शिकवायची हौस होती, शाळेत शिकवायला पगार कमी म्हणून ती विमा कंपनीतच राहिली. धाकटी डे-केअरमध्ये संध्याकाळी सहाला शेवटची उरलेली असायची. यांतल्या कुणाला मी विचारले होते?

महाभारताच्या वनपर्वात यक्ष युधिष्ठिराला विचारतो, सुखी कोण? युधिष्ठिर सांगतो की ज्याच्या डोक्यावर ऋण नाही, ज्याला परमुलुखात राहावे लागत नाही, तो दिवस कलल्यावर का होईना, आपल्या घरी साधी पालेभाजी शिजवून खातो तरी सुखी. हे अण्णांचे आवडते उत्तर. गंमत पाहा, आपण इथे जमलेले जवळजवळ सगळे ऋणीही आणि परमुलुखातलेही. म्हणजे युधिष्ठिराच्या परीक्षेत दोन्ही विषयांत नापास!

अण्णा मात्र त्या उत्तराप्रमाणे जगले. गावचे घर त्यांनी एक पैसा कर्ज न काढता बांधले. एका वर्षी पाया, दोन वर्षांनी भिंती, मग वर पत्रे, आणि पत्र्यांवरून स्लॅबवर यायला अकरा वर्षे. हा मला आदर्श वाटायचा. अण्णा गेल्यावर एकदा आईला तसे म्हणालो. आई हसली. म्हणाली, "तुझ्या अण्णांना कर्ज नव्हतं हे खरं. पण अकरा पावसाळे चुलीवर गळकं पाणी मी झेललं. उन्हाळ्यात पत्र्याखाली भाकरी थापून बघ एकदा. एक हजाराचं कर्ज काढलं असतं तर काही बिघडलं नसतं. पण मला कुणी विचारलं नाही."

त्या एका वाक्याने माझे इतक्या वर्षांचे गणित बदलले. मी समजत होतो की प्रश्न कर्ज चांगले की वाईट असा आहे. अण्णांनी कर्ज नाकारले, त्याची किंमत आईने मोजली. मी कर्ज घेतले, त्याची किंमत अण्णांनी, पत्नीने आणि धाकटीने मोजली. दोन्ही घरांत निर्णय घेणारा एक आणि किंमत मोजणारे दुसरेच. मला वाटते, यातली नैतिक चूक व्याजात नाही आणि कर्जातही नाही. जे किंमत मोजणार त्यांच्यासमोर संपूर्ण किंमत न मांडता आपण सही करतो, ती चूक. एकूण आकडा माहीत असणे हे काटकसरीपुरते नाही, ते घरच्या माणसांशी प्रामाणिक असण्यासाठी लागते.

२०१२ मध्ये आम्ही दोघे प्रथमच टेबलावर सगळे कागद पसरून बसलो. नऊ वर्षे बिनचूक हप्ते भरून शिल्लक होती २,४४,५०० डॉलर. म्हणजे पहिल्या दिवशीपेक्षा साडेचार हजार जास्तच! पत्नी बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "आता जे करायचं ते मला दाखवून कर." दर पुष्कळ उतरले होते. आम्ही तीन टक्क्यांनी पंधरा वर्षांचे कर्ज घेतले. मुदत पुरी आठ वर्षांनी अलीकडे आली, आणि हप्ता वाढला किती, तर नव्वद डॉलर. त्यावर दरमहा साधारण ३३५ डॉलर जास्त भरत गेलो. त्यासाठी काय काय सोडायचे याची यादी चौघांनी मिळून केली, मुलांनीही. दोन वर्षांनी पत्नीने नोकरी बदलली, ती आता शाळेत गणित शिकवते. त्या वर्षी जास्तीची रक्कम काही महिने भरता आली नाही, पुढे बोनसमधून ती भरून काढली. २०२४ च्या उन्हाळ्यात कर्ज संपले. हिशेब केला, हातात आले होते दोन लाख ऐंशी हजार, फेडले सुमारे चार लाख साठ हजार. बँकेकडून कर्ज फिटल्याचा कागद आला. तो देवापुढे ठेवला, पण अण्णांच्या फोटोकडे बघवेना. आपल्याकडे देवऋण, ऋषिऋण आणि पितृऋण सांगितले आहे. त्या ऋणांच्या फेडीचा कागद कुठल्याही ऑफिसातून येत नाही.

मागच्या महिन्यात मोठीचा फोन आला. "बाबा, आम्हाला एक घर आवडलंय. हप्ता बसतोय बजेटमध्ये. तू काय म्हणतोस?"

माझ्या तोंडून आपोआप निघाले, "एकूण किती द्यायचे?"

ती क्षणभर थांबली. मग मीच तिला सांगितले की आता ही माहिती शोधायला माझ्यासारखी रात्र जागवावी लागत नाही. २०१५ पासून अर्ज केल्यावर तीन कामकाजाच्या दिवसांत कर्जाच्या अंदाजाचा तीन पानी कागद द्यावाच लागतो. त्याच्या तिसऱ्या पानावर पाच वर्षांत एकूण किती भरले जाईल, त्यात मुद्दल किती फिटेल आणि पूर्ण मुदतीत व्याज कर्जाच्या किती टक्के होईल, हे छापलेले असते. "ते पान दोघं मिळून वाचा," म्हटले. "आणि वाचून झाल्यावर एकमेकांना विचारा, पाच वर्षांनी कुणाला नोकरी सोडावीशी वाटली, किंवा कुणाच्या आई-बाबांकडे तीन महिने जावं लागलं, तर हे घर आपल्याला जाऊ देईल का?"

"आणि नाही देणार असं वाटलं तर? घर घ्यायचंच नाही?"

"तसं मी म्हणत नाही. लहान घर घ्या, थोडं थांबा, किंवा तेच घ्या. फक्त डोळे उघडे ठेवून घ्या, आणि दोघांनी घ्या."

तिने अजून काही ठरवलेले नाही. काय ठरवते ते तिचे तिला आणि जावयांना.

आपले बाप्पा दीड दिवसासाठी येवोत की दहा दिवसांसाठी, आपल्या घराचे क्षेत्रफळ विचारत नाहीत. दोन बेडरूमच्या अपार्टमेंटमधली आरती आणि मोठ्या घरातली आरती त्यांना सारखीच. पण आरतीला घरातली सगळी माणसे हजर हवीत, एवढी अपेक्षा त्यांची नक्की असणार. यंदा आरती झाल्यावर, प्रसादाआधी, आपल्या घराचा तो एक आकडा घरातल्या सर्वांना सांगून पाहा. जमल्यास भारतात फोन करून आईलाही सांगा.

गणपती बाप्पा मोरया!