तुमची मतं किती?

चि. भाचीस,


युनियनने राजकीय आघाडी तुझ्याकडे सोपवल्याचं ताईकडून कळलं. आता उमेदवार तुझ्याकडे येतील आणि पहिल्या चहालाच विचारतील, ‘तुमची मतं किती?’ आकडा फेकू नकोस. आपलं रजिस्टर खात्यानुसार असतं, मतदार यादी पत्त्यानुसार. परळला पाळी करणारा मत देतो डोंबिवलीला, नाहीतर विरारला. वर्गणीच्या पावत्या घेऊन बस आणि प्रत्येक नावापुढे मतदारसंघ आणि बूथ लिही. मोठी वाटणारी युनियन एकेका मतदारसंघात केवढीशी उरते, ते दिसेल. शिवाय गेटमीटिंगला हात वर करणाऱ्याच्या घरात आणखी दोन-तीन मतं असतात. त्यासाठी संध्याकाळी जिने चढावे लागतात.

१९६७ साली कामगार नेते जॉर्ज फर्नांडिस दक्षिण मुंबईत काँग्रेसचे बलाढ्य नेते स. का. पाटील यांच्याविरुद्ध उभे राहिले. पाठीशी कामगार संघटना होत्या, पण तेवढ्या मतांवर तो मतदारसंघ निघणारा नव्हता. प्रचार असा केला की, तुम्ही पाटलांना हरवू शकता. हे वाक्य कामगारालाही लागू होतं आणि पेढीवरच्या कारकुनालाही. पाटील पडले. माणसं युनियनची असावीत, बोलणं सगळ्या मतदारांशी असावं.

निवडून आणणं मात्र अर्धंच काम. १८ जानेवारी १९८२ला सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. संप मोडला, तरी १९८४च्या काँग्रेसच्या लाटेतही त्यांनी संपाचे नेते डॉ. दत्ता सामंत यांना लोकसभेत धाडलं. पण मालकांशी बोलण्याचा हक्क राष्ट्रीय मिल मजदूर संघ या मान्यताप्राप्त युनियनकडेच राहिला. तो मिळत होता १९४६च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याने, आणि तो कायदा राज्याचा होता. खासदार दिल्लीत, दुखणं मंत्रालयात!

म्हणून पाठिंब्याआधी कागदावर तीन गोष्टी लिही: आपली मागणी कोणती, ती कोणत्या सभागृहात सुटते आणि फाइलवर सही कोणाची लागते. ईपीएस पेन्शनचा प्रश्न दिल्लीचा, पालिकेच्या सफाई कामगारांना कायम करण्याचा पालिकेचा आणि राज्याचा. आमदाराकडून पेन्शनचं आश्वासन घेऊन टाळ्या मिळतील, पैसा वाढणार नाही.

पैशांबाबत कडक राहा. १९२६च्या ट्रेड युनियन कायद्याने राजकीय कामाचा निधी वेगळा ठेवायला लावला आणि त्यासाठी सभासदावर सक्ती करायला मनाई केली. ज्याने तो निधी दिला नाही, त्याचंही गाऱ्हाणं तितक्याच आस्थेने ऐक. तो दुसऱ्या पक्षाचा असेल, पण बोनसच्या वेळी तो आपलाच आहे.

चार निवडणुका जमल्या की एखादा पक्ष तुलाच तिकीट देऊ करेल. घ्यायचं की नाही, ते तू ठरव. पण आधी कार्यकारिणीत विषय ठेव आणि सभासदांना विचार. बंद खोलीत ठरलेली उमेदवारी कामगार बूथवर बरोबर ओळखतो. आणि कोणीही निवडून येवो, निकालाच्या दुसऱ्या आठवड्यात मागणीपत्र घेऊन त्याच्या दारात उभी राहा. हारतुरे इतरांना करू दे.

तुझा,
मामा