रानपारव्याचा मुलूख

पेशवाई बुडाल्यावर सहा वर्षांनी, म्हणजे 1824 साली, मुंबई इलाख्याचा गव्हर्नर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन याने विल्यम हेन्री साइक्स या लष्करी अंमलदारावर नव्याने हाती आलेल्या दख्खनच्या मुलुखाची साद्यंत मोजदाद करण्याची कामगिरी सोपवली. आणि हा गृहस्थ प्रकृतीनेच इतका चौकस, की गावे, घरे, माणसे आणि पिके यांच्या जोडीने त्याने हवेच्या दाबाचे रोजचे चढउतार, नद्यांतले मासे आणि रानातली पाखरे यांनाही आपल्या दप्तरात जागा दिली. पुढे ते पद रद्द झाले, तरी अंगावर घेतलेले काम अर्धवट टाकणे त्याला रुचले नाही. 1831 च्या आरंभापर्यंत स्वखुशीने ते त्याने तडीस नेले आणि मगच तो मायदेशी परतला. त्यानंतर लंडनच्या प्राणिशास्त्रीय मंडळीपुढे दख्खनच्या पक्ष्यांची जी यादी त्याने मांडली, तीत सह्याद्रीच्या दाट रानातला एक मोठा पारवा होता, आणि त्याला त्याने आपल्या गव्हर्नरचेच नाव दिले. मराठीत आज त्याला नीलगिरी रानपारवा म्हणतात. शास्त्राच्या वहीत मात्र तो एल्फिन्स्टनचा. सिंहलद्वीपातल्या त्याच्या सख्ख्या आप्ताला तिथल्या गव्हर्नरच्या पत्नीचे नाव मिळाले, हा योगायोग लक्षात घेतला म्हणजे कबुतरांच्या कुळात इंग्रजी अंमल किती सहज शिरला याची गंमत वाटते.

वाड्याच्या सज्जात, देवळाच्या शिखरात आणि सरकारी कचेरीच्या झरोक्यात आपले बिऱ्हाड थाटून बसणारा जो पारवा आपण रोज पाहतो, त्याच्याच प्रजातीगणातला हा पक्षी. परंतु दोघांच्या वृत्तीत केवढे अंतर! अंगलटीने हा चांगला थोराड, लांबी चाळीस सेंटिमीटरच्या आसपास. पाठ तांबूस तपकिरी, तिच्यावर किंचित हिरव्या-जांभळ्या झळाळीची छटा. पोट व डोके राखी. आणि मानेच्या मागच्या बाजूला काळ्या-पांढऱ्या चौकड्यांचा असा एक पट्टा, की बुद्धिबळाच्या पटाची तेवढीच कातरून लावलेली पट्टी वाटावी. हा सारा थाट पाहायला मिळण्याचा प्रसंग मात्र विरळा. उंच झाडांच्या शेंड्यांतल्या पालवीत तो निमूटपणे फळे टिपत असतो, आणि त्याच्या अस्तित्वाची वर्दी मिळते ती बहुधा आवाजाने: प्रथम वानराच्या हुंकारासारखा एक मोठा ‘हू’, आणि मागोमाग खोल गळ्यातून येणारी तशाच हुंकारांची मालिका. नवखा माणूस वर माकड शोधतो.

फळ हा त्याचा मुख्य आहार. कळ्या खातो, क्वचित जमिनीवर उतरून लहान गोगलगायीही टिपतो. पण संसार चालतो तो दालचिनीच्या कुळातल्या आणि तत्सम सदाहरित वृक्षांच्या फळांवर. महाबळेश्वर आणि भीमाशंकर येथल्या, अंजनी, जांभूळ आणि पिसा यांचे प्राबल्य असलेल्या बुटक्या दाट रानांपासून दक्षिणेस केरळच्या डोंगरांपर्यंत तो आढळतो, असे पुस्तके सांगतात, आणि ते खरेही आहे. तथापि नकाशावर ही जी पट्टी रंगवलेली असते तिचा अर्थ आपण फार ढोबळपणे घेतो. रानातले फळ एकाच वेळी सर्वत्र पिकत नाही. एका उतारावर एका जातीचा बहर सरला म्हणजे दुसऱ्या खोऱ्यात दुसरीचा सुरू होतो. एखाद्या वर्षी एखादे झाड लगडून जाते आणि पुढल्या वर्षी तेच भाकड राहते. उंबर-पिंपळासारखी झाडे तर कोणत्याच ऋतूची ताबेदारी मानत नाहीत. रानपारवा या अनियमित पंचांगाच्या मागे मागे हिंडत असतो. म्हणून एका महिन्यात ज्या राईत त्याचे हुंकार उठत होते, तीच राई दोन महिन्यांनी मुकी होते, आणि पाहणारा नाहक हळहळतो की पक्षी नाहीसा झाला.

मला असे वाटते, की साइक्सच्या मोजदादीला आणि तिच्यातून आपल्या हाती वारशाने आलेल्या साऱ्या कारभाराला हा पक्षी नेमका इथेच चकवतो. महसूल बसवायचा तर शेत जागचे हलता कामा नये, खानेसुमारी करायची तर घर जागचे हलता कामा नये. सरहद्दीचे दगड रोवून आतल्या वस्तूंची यादी करायची, ही त्या विद्येची रीत, आणि जे स्थिर आहे त्याच्यापुरती ती उत्तमच. पण ज्याचा मुलूख चालू महिन्यात एका डोंगरावर आणि पुढल्या महिन्यात दुसऱ्यावर, त्याचा सातबारा कोणत्या गावच्या नावे काढायचा? त्याची खरी जहागीर म्हणजे एकामागून एक पिकणाऱ्या झाडांची साखळी. तिच्यातली एक कडी तुटली, समजा एखाद्या टेकडीवरचे रान चहा-कॉफीच्या मळ्यांसाठी किंवा निलगिरीच्या लागवडीसाठी उतरले, तर बाकीची झाडे जागच्या जागी उभी असूनही वर्षातले काही आठवडे त्याच्या पानात काहीच पडत नाही.

विणीच्या बाबतीतही त्याला उधळपट्टी परवडत नाही. मार्च ते जुलै हा विणीचा काळ; झाडावर काटक्यांची विरळ माची रचून मादी तीत एकच पांढरे अंडे घालते. पिल्लाला प्रथम कबुतरांच्या कुळाची ती विलक्षण देणगी मिळते: आईबाप दोघांच्याही गळ्याखालच्या अन्नपिशवीच्या अस्तरातून पाझरणारा दुधासारखा घट्ट पदार्थ. फळे खाणारे अनेक पक्षी पिल्लांसाठी किडे वेचून आणतात. या कुळाने ती यातायात टाळली खरी, परंतु त्याची किंमत अशी, की बाळंतिणीचे दूधही अखेर रानातल्या बहरावरच अवलंबून राहिले. जगाच्या संकटग्रस्त जातींच्या सूचीत या पारव्याची गणना आज असुरक्षित वर्गात होते, आणि एका खेपेला एकच अंडे घालणाऱ्या प्राण्याला झालेली हानी भरून काढायला किती काळ लागेल याचा हिशेब अवघड नाही.

अभयारण्ये आहेत, हे मी कमी लेखत नाही. 1985 साली भीमाशंकरचे रान शेकरूसाठी राखले गेले, त्याचा लाभ या पारव्यालाही आपसूक झाला. परंतु शेकरूची गोष्ट वेगळी. त्याच्या घरट्याभोवती कुंपण घालता येते. फळामागे हिंडणाऱ्या पक्ष्यासाठी अभयारण्याबाहेरच्या देवराया, ओढ्याकाठचे पट्टे, मालकी रानातली चार जुनी झाडे हीही तितकीच मोलाची, कारण एका रानातून दुसऱ्या रानात जाताना मधल्या उपाशी दिवसांचा आधार तीच असतात. बंगळूरजवळच्या नंदीच्या टेकड्यांवर मुख्य घाटांपासून तुटलेली त्याची एक छोटी वस्ती आहे; मध्ये सारे उघडे पठार, आणि इतक्या दूर पडलेल्या वस्तीला स्थानिक बहराने दगा दिला तर हात द्यायला कोणी शेजारी नाही.

अशा पक्ष्याची निगा राखायची तर त्याची डोकी मोजण्याआधी झाडांची रोजनिशी ठेवावी लागेल: कोणत्या खोऱ्यात पिसा कधी लागला, अंजनी कधी काळवंडली, कोणता उंबर भाकड गेला. ही माहिती अगदीच दुर्मिळ आहे असे नाही. आंबेगाव-जुन्नरच्या डोंगरात पिढ्यान्‌पिढ्या हिरडा वेचणाऱ्या महादेव कोळ्यांना झाडांच्या वेळा पाठ असतात, कारण त्यांचेही वर्ष काही अंशी त्या वेळांवरच बेतलेले असते; हिरडा किती मण निघाला याचा आकडा व्यापाऱ्याच्या वहीत चढतो, शेजारच्या झाडाला या साली फळ का धरले नाही हे मात्र त्यांना अजून कोणी लेखणी घेऊन विचारलेले दिसत नाही.