पुसता येणारे अक्षर

कल्पित साहित्यातील जादू लहरी नसते. तिला नियम असतात, आणि त्या नियमांतून कथेमागील नीतिविचार प्रकट होत असतो. लिखित शब्दाच्या सामर्थ्यावर उभारलेल्या जादूच्या बाबतीत हे विशेषत्वाने खरे आहे. उच्चारलेला शब्द बोलणाऱ्याशी, त्या क्षणाशी आणि समोरच्या श्रोत्याशी बांधलेला असतो. लिहिलेला शब्द मात्र लिहिणाऱ्यापासून सुटा होतो आणि त्याच्या अनुपस्थितीतही आपले काम करीत राहतो. मग त्या कामाची जबाबदारी कोणाची?

या प्रश्नाचा एक मार्मिक विचार यहुदी परंपरेतील गोलेमच्या कथेत आढळतो. याकोब ग्रिम यांनी १८०८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या कथारूपात पोलंडमधील यहुदी उपवास व प्रार्थना करून मातीचा पुतळा घडवितात आणि ईश्वरनामाच्या उच्चाराने तो सजीव होतो. त्याच्या कपाळावर ‘एमेत’, म्हणजे सत्य, हा शब्द लिहिलेला असतो. हा गोलेम घरातील कामे करतो. त्याला सांगितलेले कळते, पण बोलता येत नाही. तो दिवसेंदिवस वाढतही जातो. तो अनावर होण्यापूर्वी पहिले अक्षर, आलेफ, पुसायचे. मागे ‘मेत’, म्हणजे मृत, एवढेच उरते आणि गोलेमची पुन्हा माती होते. एकाने हयगयीने गोलेमला इतके वाढू दिले की त्याच्या कपाळापर्यंत हातच पोहोचेना. त्याने गोलेमला आपले बूट काढण्याची आज्ञा केली. गोलेम वाकला, अक्षर पुसले गेले. परंतु मातीचा तो सारा ढीग धन्यावरच कोसळला आणि तो चिरडून मेला.

येथे दोष निर्मितीचा नाही, हयगयीचा आहे. लिहिणाऱ्याचा हात लिहिलेल्यापर्यंत पोहोचतो तोवरच त्याचे सामर्थ्य नीतीच्या कक्षेत राहते, असा या कथेचा आशय आहे. गोलेमचे मुकेपणही अर्थपूर्ण आहे. लिखित शब्दाला प्रश्न विचारला तर तो मूकच राहतो आणि स्वतःचा बचाव करण्यासाठी त्याला आपल्या जनकाची गरज भासते, असा आक्षेप प्लेटोच्या ‘फीड्रस’ या संवादात सॉक्रेटिस घेतो. जे स्वतः उत्तर देऊ शकत नाही, त्याच्या वतीने उत्तर देण्यास कोणीतरी उपस्थित असावे लागते.

याच्या नेमकी उलट रचना त्सुगुमी ओबा आणि ताकेशी ओबाता यांच्या ‘डेथ नोट’ (२००३–२००६) या जपानी चित्रकथेत आहे. तेथील वहीत ज्याचे नाव लिहावे तो माणूस मरतो. मृत्यूचे कारण न लिहिल्यास चाळीस सेकंदांत हृदय बंद पडून. लिहिताना त्या माणसाचा चेहरा मनासमोर असावा लागतो, एवढी एक अट आहे. परंतु कथानायक लाइट यागामी हा चेहरा दूरदर्शनच्या पडद्यावरूनही मिळवितो. म्हणजे चेहरा असतो, पण भेट नसते. शिवाय एकदा लिहिलेले रद्द होत नाही. ज्या लेखणीला खोडण्याची सोय नाही तिला चूक मान्य करण्याची जागाही नाही. गुन्हेगारांपासून आरंभ झालेली ही नामावली पुढे निरपराधांपर्यंत जाते, यात म्हणूनच आश्चर्य नाही.

मराठी वाचकाला येथे एक अडचण जाणवेल. आपल्या भाषेत लिपीतील वर्णाला ‘अक्षर’, म्हणजे नाश न पावणारे, म्हणतात. तुकोबांचे अभंग इंद्रायणीत बुडविले गेले आणि पुन्हा वर आले, ही परंपरागत कथा अक्षराच्या या अविनाशित्वाचाच गौरव करते. मग पुसले जाण्यात नीती कशी? माझ्या मते विरोध वरवरचा आहे. गोलेमचा निर्माता स्वतःच्या अक्षराचे परिणाम आवरण्यासाठी ते पुसतो. इंद्रायणीच्या कथेत दुसऱ्याचे अक्षर नाहीसे करण्याची सत्ता नाकारली जाते. एकात लिहिणाऱ्याचे कर्तव्य आहे, दुसरीत लिहिणाऱ्याचा अधिकार. दोन्ही कथा मिळूनच लिखित शब्दाची नीती पूर्ण होते.

हा प्रश्न केवळ जादूचा नाही. न्यायालयाचा निवाडा, सरकारी यादीतील नाव, नोंदवहीतील शेरा ही सारी माणसाच्या आयुष्यावर सत्ता चालविणारी अक्षरेच आहेत. इस्राएलमधील रेहोवोत येथे १९६५ मध्ये नव्या संगणकाला गेर्शोम शोलेम यांनी ‘गोलेम आलेफ’ हे नाव दिले. लिहिलेल्या आज्ञेवर चालणाऱ्या त्या यंत्रात त्यांना जुन्या गोलेमचेच कूळ दिसले. लिहिणारा कायम हयात राहणार नाही हे खरे. तेव्हा त्याच्या पश्चात अपील ऐकणारे, नोंद दुरुस्त करणारे, ग्रंथाची नव्याने चिकित्सा करणारे कोणीतरी असावे लागते. अशी माणसे आणि अशा संस्था जेथे उरत नाहीत, तेथे अक्षर कितीही सत्य असले तरी त्याच्या ओझ्याखाली माणूस चिरडला जाण्याचा धोका कायम राहतो.