संशय आणि मौन

तापीच्या एका तीरावर बऱ्हाणपूर, दुसऱ्या तीरावर जैनाबाद. १६३१ मध्ये मुमताजमहल बऱ्हाणपुरात बाळंतपणात वारली व आग्ऱ्यास नेण्यापूर्वी तिचा देह सुमारे सहा महिने जैनाबादच्या बागेत होता, हे प्रवाशास आवर्जून सांगितले जाते. तिच्या पतीच्या स्वाधीन असलेला त्याचा थोरला भाऊ खुसरो त्याच बऱ्हाणपुरात १६२२ मध्ये मरण पावला, ही गोष्ट मात्र क्वचितच निघते. मृत्यू पोटशुळाने झाला असे शाहजहानने, म्हणजे तेव्हाच्या खुर्रमने, बापास कळविले. जहांगीराने तेच आपल्या आत्मवृत्तात नोंदले. समकालीन परकीय प्रवाशांनी खून झाल्याचे लिहून ठेविले आहे आणि बहुतेक इतिहासकारांचा कल तिकडेच आहे. बंदिवान ज्याच्या हाती, मृत्यूचे कारण सांगणाराही तोच!

असे न चाललेले वा अर्धवट राहिलेले खटले धुंडाळणारे हौशी संशोधक आज जगभर आहेत. या विद्येची पदवी त्यांस नसते. जुनी वर्तमानपत्रे, न्यायालयाचे कागद आणि चिकाटी यांवर ते शिकतात, व अनुबोधपट काढणारे त्यांच्याकडे माहितीसाठी येतात. अमेरिकेतील मिशेल मॅकनामारा ही त्यांपैकीच. कॅलिफोर्नियातील एका जुन्या नराधमाचा माग काढीत असतानाच ती २०१६ मध्ये वारली. तिचे पुस्तक २०१८ च्या फेब्रुवारीत निघाले आणि एप्रिलमध्ये आरोपी सापडला, तोही पुस्तकामुळे नव्हे, तर नातलगांच्या जनुकीय नोंदींवरून. तिच्या शोधावरील अनुबोधपट २०२० मध्ये आला.

गाडलेली मढी उकरू नयेत, असे आपल्याकडे म्हणतात. आम्हांस ते सरसकट मान्य नाही. मौनाचा लाभ बहुधा बलवंतालाच होतो. खुसरोच्या बाबतीत तो झालाच.

पण पडद्याला ‘बहुधा’ हा शब्द सोसत नाही. त्याला आरोपीचा चेहरा हवा असतो. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. रामशास्त्र्यांनी चौकशी करून रघुनाथरावांना दोषी ठरविले. तरी लोकांच्या तोंडी राहिली ती आनंदीबाई आणि तिने केलेला ‘ध’ चा ‘मा’. ज्या कथेस अस्सल कागदाचा आधार नाही, तिने एका स्त्रीला अडीच शतके खुनी ठरविले. कथा रंगते ना, मग पुरावा कोण विचारतो?

धर्मराजाने ‘कुंजर’ हा शब्द उच्चारला होता, पण शंखनादात तो बुडाला, असे कीर्तनकार सांगतात. संशोधक सांगताना ‘पुरावा अपुरा’ म्हणतो आणि अनुबोधपटातील वाद्यवृंद तेवढेच शब्द बुडवितो. अशा वेळी आपली माहिती परत मागण्याचे धैर्य त्याच्यापाशी असावे. मेलेल्या बादशहाचे यात फारसे बिघडत नाही. जिवंत माणसांचे बिघडते. २०१३ मध्ये बोस्टनच्या स्फोटांनंतर हौशी शोधकांनी एका बेपत्ता विद्यार्थ्यावर आळ घेतला. तो निरपराध होता, आणि पुढे त्याचे प्रेतच सापडले. मुलाचा शोध घेणाऱ्या त्या घराला वर हा आळही सोसावा लागला.

म्हणून बऱ्हाणपुरावर उद्या कोणी अनुबोधपट काढलाच, तर त्यात गळा आवळल्याचे दृश्य नको. जहांगीराच्या आत्मवृत्तातील ती नोंद दाखवावी, मृत्यूची वार्ता कोणी कळविली ते सांगावे, प्रवाशांचे लेख शेजारी ठेवावेत, आणि जैनाबादची बाग दाखविताना पैलतीरावरील त्या मृत्यूचाही उल्लेख करावा.